करारातील शेवटचे कलम

निर्यात कर्जाच्या अर्जासोबत येणारा विक्रीकरार आम्ही बँकेतील मंडळी एका ठरावीक क्रमाने वाचतो. प्रथम खरेदीदाराचे नाव व देश, मग मालाचे वर्णन, किंमत, चलन, माल जहाजावर चढविण्याची अंतिम तारीख आणि पैसे कोणत्या मार्गाने मिळावयाचे ते. एवढे पाहून झाले की पाने मिटली जातात. ग्राहकानेही याहून अधिक काही वाचलेले असते असा अनुभव नाही. शेवटच्या पानावर, सह्यांच्या जरा वर, पुढेमागे वाद निर्माण झालाच तर तो कोठे आणि कोणापुढे मिटवावयाचा हे सांगणारे दोन-तीन ओळींचे एक कलम असते. करार होताना दोन्ही पक्ष प्रसन्न असतात. शुभकार्यात अशुभ बोलू नये हा आपला संस्कार व्यापारातही चांगलाच मुरलेला आहे. त्यामुळे ते कलम कोठून तरी उतरवून घेतले जाते आणि तसेच राहते.

माझे मत असे, की हे कलम किमतीच्या कलमाइतक्याच दक्षतेने ठरविले पाहिजे, आणि सहीपूर्वी ग्राहकाला त्याबद्दल चार प्रश्न विचारणे हे बँकेच्या अधिकाऱ्याचेही काम आहे.

हे मत पुस्तकातून आलेले नाही. काही वर्षांपूर्वी आमच्या शाखेच्या एका ग्राहकाने वाळवलेल्या कांद्याचा माल युरोपातील एका खरेदीदाराला पाठविला. माल पोहोचल्यावर खरेदीदाराने आर्द्रतेचे प्रमाण कराराहून अधिक असल्याचे कळविले आणि सुमारे बावीस हजार डॉलर अडवून ठेवले. ग्राहकाजवळ रवानगीपूर्वीच्या तपासणीचे प्रमाणपत्र होते आणि आपली बाजू खरी आहे असा त्याला विश्वास होता. आम्ही दोघांनी मिळून करार काढला. वादाचा निर्णय झुरिच येथे तीन पंचांनी, जर्मन भाषेत करावा असे त्यात म्हटले होते. कांद्याच्या व्यवहारात झुरिच कोठून आले? ग्राहकाने आठवून सांगितले, की त्याच्या मेहुण्यांनी पूर्वी एक यंत्र आयात केले होते, त्या करारावरून हा मसुदा घेतला होता. तीन पंचांचे मानधन, तेथील वकील, भाषांतर आणि प्रवास यांचा अंदाज घेतला तेव्हा खर्चाचा आकडा येणे रकमेच्या पुढे गेला. शेवटी ग्राहकाने साठ टक्क्यांवर तडजोड केली. तडजोड ही काही वाईट गोष्ट नव्हे. परंतु ती करण्यावाचून त्याच्यापुढे दुसरा मार्ग नव्हता आणि हे समोरच्यालाही ठाऊक होते.

अशा प्रसंगी ग्राहकाचा पहिला प्रश्न असतो, "पण साहेब, पतपत्र होते ना?" पतपत्राविषयीचा हा गैरसमज फार जुना आहे. आंतरराष्ट्रीय व्यापार मंडळाचे पतपत्रांविषयीचे यूसीपी ६०० हे नियम १ जुलै २००७ पासून लागू आहेत. त्यांचे पाचवे कलम स्पष्ट सांगते, की बँका कागदपत्रांचा व्यवहार करतात. त्या कागदपत्रांमागील मालाचा, सेवेचा वा कामाचा नव्हे. कागदपत्रे बिनचूक असतील तर बँक पैसे देते, पोत्यात काय आहे ते ती पाहत नाही. त्यामुळे पतपत्राने पैसे वेळेवर मिळतात. मात्र खरेदीदार पुढे नुकसानभरपाई मागणार असेल तर तो वाद उभाच राहतो. विम्याचेही तेच. ईसीजीसीचे संरक्षण खरेदीदाराची दिवाळखोरी, प्रदीर्घ थकबाकी, युद्ध, हुंडणावळीवरील निर्बंध अशा जोखमींना असते. मालाच्या दर्जाविषयी खरेदीदाराने वाद उपस्थित केला, तर खरेदीदाराच्या देशातील सक्षम न्यायालयाचा हुकूमनामा निर्यातदाराने आपल्या बाजूने मिळविल्याखेरीज सर्वसाधारणपणे ते संरक्षण लागू होत नाही. म्हणजे कागदपत्रे आणि विमा या दोन्ही भिंतींमध्ये नेमकी एक फट राहते, आणि दर्जाविषयीचे बहुतेक वाद तिच्यातूनच आत येतात.

मग सरळ आपल्या न्यायालयात दावा का लावू नये? लावता येतो, हुकूमनामाही मिळू शकतो; परंतु खरेदीदाराची मालमत्ता परदेशात असेल तर तो हुकूमनामा तेथे चालावा लागतो. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या ४४-अ कलमाखाली ब्रिटन, सिंगापूर, हाँगकाँग यांसारख्या मोजक्या प्रदेशांशी आपली अशी देवाणघेवाण आहे. संयुक्त अरब अमिरातीची भर २०२० मध्ये पडली. अमेरिका या यादीत नाही. तेथील खरेदीदाराविरुद्ध भारतीय हुकूमनामा मिळविणाऱ्यास तेथे पुन्हा स्वतंत्र कार्यवाही करावी लागते.

लवादाच्या निवाड्याचे मात्र तसे नाही. १० जून १९५८ रोजी न्यूयॉर्क येथे झालेल्या संयुक्त राष्ट्रांच्या करारान्वये एका सदस्य देशात दिलेला निवाडा दुसऱ्या सदस्य देशातील न्यायालयांनी मानावा असे ठरले. भारताने त्याच दिवशी सही केली आणि १९६० मध्ये त्याला संमती दिली. आज एकशेसत्तरहून अधिक देश त्यात आहेत. निवाड्याची अंमलबजावणी नाकारण्याची कारणे मोजकी आहेत: करार अवैध असणे, पक्षाला बाजू मांडण्याची संधी न मिळणे, पंचांनी आपल्या अधिकाराबाहेर जाणे, निवाडा त्या देशाच्या सार्वजनिक धोरणाविरुद्ध असणे, अशी. पंचांनी पुराव्याचे मूल्यमापन बरोबर केले की चूक, हे न्यायालय पुन्हा तपासत नाही. अंमलबजावणीच्या बाबतीत न्यायालयाच्या हुकूमनाम्याहून खासगी पंचांच्या निर्णयाला अधिक देशांची दारे उघडी आहेत, ही गोष्ट प्रथम ऐकणाऱ्याला विचित्र वाटते, परंतु वस्तुस्थिती तशी आहे.

लवाद हा शब्द मराठी वाचकाला अपरिचित नाही. कृष्णा पाणीवाटप लवाद, हरित लवाद ही नावे वृत्तपत्रांतून नित्य येतात. ते शासनाने कायद्यान्वये नेमलेले असतात. व्यापारी लवाद उभयपक्षांच्या संमतीतून जन्माला येतो. आपल्याकडील जुन्या पंचनिवाड्याशी त्याचे नाते अधिक जवळचे आहे. म्हणून येथे निर्णय देणाऱ्यांना पंच आणि निर्णयाला निवाडा म्हटले आहे. संमती हाच त्याचा पाया असल्यामुळे ती कोणत्या शब्दांत दिली याला महत्त्व येते. किती महत्त्व, ते पाहण्यासाठी शेंगदाण्याच्या एका व्यवहाराची हकीकत थोडी विस्ताराने सांगतो.

१२ जानेवारी १९८० रोजी नाफेड ही आपली राष्ट्रीय कृषी पणन सहकारी संस्था आणि अलिमेंटा ही स्विस कंपनी यांच्यात पाच हजार टन निवडक शेंगदाण्याच्या निर्यातीचा करार झाला. किंमत, दर्जा, रवानगी असे तपशील लिहून झाल्यावर अखेरीस एक ओळ टाकण्यात आली: इतर अटी व शर्ती फोस्फा २० या नमुना कराराप्रमाणे राहतील. फोस्फा ही तेलबिया व खाद्यतेलांच्या व्यापाऱ्यांची लंडनमधील संघटना. तिच्या नमुना करारात वाद लंडन येथे लवादाने मिटविण्याची तरतूद आहे. पुढे ३ एप्रिल १९८० रोजी त्याच दोन पक्षांत त्याच मालाचा दुसरा करार झाला. त्यात फोस्फाचे नाव नव्हते. पुरवठ्याच्या इतर अटी आधीच्या कराराप्रमाणे राहतील, एवढेच म्हटले होते.

सौराष्ट्रातील पिकाचे वादळाने नुकसान झाले आणि पहिल्या करारापैकी एकोणीसशे टनच माल रवाना होऊ शकला. उरलेला एकतीसशे टन पुढच्या हंगामात देण्याचे पुरवणी कराराने ठरले. दरम्यान बाजारभाव वाढले. आदल्या हंगामातील शिल्लक पुढच्या वर्षी निर्यात करण्यास शासनाची परवानगी लागत होती. ती मागितली तेव्हा शासनाने नकार दिला. नाफेडने असमर्थता कळविली. भाव वाढल्यामुळे विक्रेता माघार घेतो आहे असे खरेदीदाराचे म्हणणे पडले, आणि प्रकरण लंडनला गेले.

पुढील सात वर्षे शेंगदाण्यावर वाद झालाच नाही. वाद होता तो त्या एका ओळीवर. लवादाचा शब्दही न लिहिता, केवळ दुसऱ्या नमुन्याकडे बोट दाखवून, लवादाला संमती दिली असे म्हणता येते काय? जानेवारी १९८७ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने उत्तर दिले. पहिल्या करारात फोस्फाच्या अटी सर्वसाधारण शब्दांत स्वीकारल्या असल्याने त्यातील लवादाचे कलमही स्वीकारले गेले. दुसऱ्या करारात मात्र फक्त पुरवठ्याच्या अटींचा उल्लेख होता आणि लवाद ही काही पुरवठ्याची अट नव्हे. म्हणून तेथे लवाद नाही. पक्ष तेच, माल तोच, वर्ष तेच. आणि दोन ओळींतील फरकाने एक करार लंडनला गेला व दुसरा येथेच राहिला.

लंडनच्या पंचांनी नोव्हेंबर १९८९ मध्ये खरेदीदाराच्या बाजूने निवाडा दिला. रक्कम होती सेहेचाळीस लाख डॉलरहून अधिक, शिवाय १९८१ पासूनचे व्याज. अपील मंडळाने १९९० मध्ये व्याजाचा दर आणखी वाढविला. दिल्ली उच्च न्यायालयाने जानेवारी २००० मध्ये हा निवाडा अंमलबजावणीयोग्य ठरविला. त्यावरील अपिलाचा निकाल सर्वोच्च न्यायालयाने २२ एप्रिल २०२० रोजी दिला. शासनाची मनाई असताना निर्यात करणे बेकायदा ठरले असते, शासकीय मनाई झाल्यास काय व्हावे याची तरतूद करारातच होती, तेव्हा अशा निर्यातीबद्दल भरपाई देववणे भारताच्या सार्वजनिक धोरणाविरुद्ध आहे, असे सांगून न्यायालयाने अंमलबजावणी नाकारली. करारापासून निकालापर्यंत चाळीस वर्षे लोटली होती.

या निकालाने एका भारतीय संस्थेचे पैसे वाचले, म्हणून आनंद मानावा असा पहिला विचार मनात येतो. नम्रपणे सांगावेसे वाटते, की मला तो आनंद पूर्ण वाटला नाही. त्याच वर्षी फेब्रुवारीत विजय कारिया प्रकरणात त्याच न्यायालयाने अगदी वेगळा सूर लावला होता. तेथे लंडनचे निवाडे परकीय चलन व्यवस्थापन कायद्याचा भंग करतात असा आक्षेप होता. त्या कायद्याखालील त्रुटी नंतरही दुरुस्त होऊ शकते, केवळ तिच्यामुळे निवाडा सार्वजनिक धोरणाविरुद्ध ठरत नाही, असे न्यायालयाने म्हटले आणि आक्षेप घेणाऱ्यांवर पन्नास लाख रुपयांचा खर्च बसविला. सप्टेंबर २०२० मधील वेदांत प्रकरणाचा निकालही याच मर्यादित हस्तक्षेपाच्या बाजूचा आहे. शेंगदाण्याचा निकाल या दोहोंच्या मध्ये काहीसा एकाकी उभा दिसतो. आपला निर्यातदार उद्या परदेशात निवाडा घेऊन जाईल तेव्हा तेथील न्यायालयाने सार्वजनिक धोरणाचे दार अरुंदच ठेवावे अशी त्याची इच्छा असणार. ती इच्छा बाळगणाऱ्या देशाने स्वतःचे दार सैल ठेवून चालत नाही.

आपल्याकडे हे दार सैल होते याची किंमतही आपण मोजली आहे. कोल इंडियाविरुद्ध व्हाइट इंडस्ट्रीज या ऑस्ट्रेलियन कंपनीने २००२ मध्ये निवाडा मिळविला. पिपरवार कोळसा खाणीचा तो करार १९८९ चा. निवाडा रद्द करण्याची कार्यवाही कोलकात्यात आणि अंमलबजावणीची दिल्लीत, अशी प्रकरणे वर्षानुवर्षे रेंगाळत राहिली. अखेर कंपनीने भारत व ऑस्ट्रेलिया यांच्यातील गुंतवणूक कराराचा आधार घेऊन थेट भारत सरकारविरुद्ध लवाद मागितला आणि २०११ मध्ये तो जिंकला. न्यायालयीन विलंबामुळे हक्क बजावण्याचे परिणामकारक साधन भारताने दिले नाही, असा ठपका त्यात आला.

१९४० च्या जुन्या लवाद कायद्याविषयी तर सर्वोच्च न्यायालयाच्याच एका न्यायमूर्तींनी १९८१ मध्ये अशा अर्थाचे उद्गार काढले होते, की या कार्यवाह्या पाहून वकील हसतात आणि कायद्याचे तत्त्वज्ञ रडतात. संयुक्त राष्ट्रांच्या १९८५ च्या नमुना कायद्यावर बेतलेला लवाद व समेट कायदा १९९६ मध्ये आला, तरी घोळ संपला नाही. यात इंदूरच्या वाचकांना जवळचे वाटेल असे एक प्रकरण आहे. भाटिया इंटरनॅशनल व बल्क ट्रेडिंग यांच्या १९९७ च्या करारात लवाद पॅरिसला व्हावयाचा होता. परदेशी कंपनीला भीती अशी, की निवाडा होईपर्यंत भारतीय पक्ष आपली मालमत्ता विकून टाकील. म्हणून तिने इंदूरच्या जिल्हा न्यायाधीशांपुढे मनाईहुकूम मागितला. मागणी व्यवहार्य होती. सर्वोच्च न्यायालयाने २००२ मध्ये ती ऐकून घेता येते असे ठरविले, परंतु त्यासाठी दिलेले कारण एवढे व्यापक होते की परदेशात झालेले निवाडेही येथे रद्द करण्याची वाट २००८ पर्यंत मोकळी झाली. २०१२ मध्ये भारत ॲल्युमिनियम प्रकरणी पाच न्यायमूर्तींनी ती वाट बंद केली; मात्र तिच्यासोबत इंदूरची उपयुक्त मनाईही गेली. ती २०१५ च्या दुरुस्तीने परत आली. आज परदेशात लवाद चालू असतानाही येथील मालमत्तेवर तात्पुरता मनाईहुकूम मागता येतो, आणि उभयपक्षांनी करारात लिहून तो हक्क नाकारलेला नसला पाहिजे एवढीच अट आहे. छापील नमुन्यात असे नाकारणारे वाक्य आहे काय, ते जरूर पाहावे.

आता कलमात काय असावे याकडे वळतो. सर्वांत महत्त्वाचे लवादाचे स्थान. स्थान म्हणजे केवळ बैठकीची खोली नव्हे. ज्या देशात स्थान, त्या देशाच्या न्यायालयांचा लवादावर अंकुश आणि निवाडा रद्द करण्याचा अधिकारही त्यांचाच. बैठका सोयीने दुसरीकडे किंवा दूरदृश्य पद्धतीने घेता येतात. सर्वोच्च न्यायालयाने २०१९ मध्ये स्पष्ट केले, की करारात 'बैठकीची जागा' म्हणून एकाच शहराचे नाव असेल आणि विरुद्ध काही दिसत नसेल तर तेच कायदेशीर स्थान समजावे. म्हणून शहराचे नाव गंमत म्हणून लिहू नये. स्थान निवडताना समोरच्याची मालमत्ता कोठे आहे ते आधी पाहावे आणि तो देश न्यूयॉर्क कराराचा सदस्य आहे काय याची खात्री करावी. उलट बाजूही लक्षात ठेवावी: परदेशी निवाडा भारतात बजवावयाचा असेल तर तो ज्या देशात झाला त्या देशाचे नाव भारत सरकारच्या राजपत्रात अधिसूचित असावे लागते, आणि करारातील सर्वच देश तसे अधिसूचित नाहीत. चीनचे नाव, उदाहरणार्थ, २०१२ मध्ये आले.

दुसरी बाब संस्थेची. लवाद एखाद्या संस्थेच्या नियमांखाली चालवावा की पक्षांनीच पंच नेमून चालवावा? लहान व्यापाऱ्याने संस्था निवडावी असे माझे स्पष्ट मत आहे. संस्था नसेल तर समोरचा पंच नेमण्यातच टाळाटाळ करतो आणि पहिले वर्ष न्यायालयात जाते. पॅरिसचे आंतरराष्ट्रीय लवाद न्यायालय १९२३ पासून आहे, सिंगापूरचे केंद्र १९९१ पासून. आपल्या मुंबईत २०१६ पासून मुंबई आंतरराष्ट्रीय लवाद केंद्र कार्यरत आहे. लहान दाव्यांसाठी शीघ्र कार्यपद्धतीही आता आहेत. पॅरिसच्या संस्थेच्या नियमांनुसार १ जानेवारी २०२१ पासूनच्या करारांत तीस लाख डॉलरपर्यंतच्या वादांना ती आपोआप लागू होते, एकच पंच नेमला जातो आणि प्रारंभिक बैठकीपासून सहा महिन्यांत निवाडा अपेक्षित असतो. तरीही बावीस हजार डॉलरसाठी पॅरिस परवडणार नाही हे उघड आहे. म्हणून पंच एक असावा, भाषा इंग्रजी असावी आणि संस्थेचे शुल्कपत्रक सहीपूर्वी पाहून ठेवावे. वीस-पंचवीस हजारांच्या व्यवहारात पैशाचा मोठा भाग आगाऊ घेणे हा लवादाहून बरा उपाय आहे, हेही मोकळेपणाने सांगितले पाहिजे.

कराराला कोणत्या देशाचा कायदा लागू होईल, हे स्वतंत्रपणे लिहावे. आंतरराष्ट्रीय मालविक्रीविषयीच्या १९८० च्या संयुक्त राष्ट्र करारात भारत सामील नाही. त्यामुळे तो आपल्याला कधीच लागू होणार नाही असे अनेकजण समजतात. परंतु खरेदीदाराच्या देशाचा कायदा निवडला आणि तो देश सदस्य असला, तर त्या वाटेने तो करार आत येऊ शकतो. मुद्रांकाचेही भान असावे. अपुऱ्या मुद्रांकाच्या दस्तातील लवादाचे कलम बजावता येत नाही, असे एप्रिल २०२३ मध्ये पाच न्यायमूर्तींच्या पीठाने सांगितले आणि व्यापारी वर्गाची झोप उडाली. डिसेंबर २०२३ मध्ये सात न्यायमूर्तींनी ते मत बदलले. दोष दुरुस्त होण्याजोगा आहे, कलम त्यामुळे मरत नाही. तरी काही रुपयांच्या मुद्रांकासाठी हा वाद अंगावर ओढवून घेण्यात शहाणपण नाही.

कापसाच्या व्यापाऱ्यांना यातील बरेचसे ठाऊक असेल, कारण त्यांच्या धंद्याने स्वतःचीच व्यवस्था उभी केली आहे. लिव्हरपूलच्या इंटरनॅशनल कॉटन असोसिएशनच्या नियमांखाली जगातील कापसाचा मोठा व्यापार चालतो. २०११ च्या मार्चमध्ये कापसाचा भाव पौंडाला दोन डॉलरच्या वर गेला आणि मग वेगाने कोसळला. वाढत्या भावात विक्रेते आणि पडत्या भावात खरेदीदार करार मोडू लागले आणि लिव्हरपूलकडे प्रकरणांची रीघ लागली. निवाडा न पाळणाऱ्या संस्थांची नावे ही संघटना एका यादीत प्रसिद्ध करते आणि तिच्या सभासदांना अशा संस्थांशी व्यवहार करण्यास मनाई असते. बाजारात नाव गेले की न्यायालयाच्या हुकमाची फारशी गरज उरत नाही. विदर्भ-खानदेशातील जिनिंगवाले असोत की कोईमतूर भागातील सूतगिरण्या, लिव्हरपूलचे नियम लागू असलेल्या करारावर सही करण्यापूर्वी त्यांनी ही यादी डोळ्यांपुढे ठेवावी. आणि लवादाची नोटीस आलीच तर ती फाइलला लावून गप्प बसू नये. गैरहजर पक्षाविरुद्धही निवाडा होतो.

लवादाची बाजू एवढी मांडल्यावर दुसरीही सांगतो. तो स्वस्त नाही आणि नेहमी जलदही नाही. खुद्द केंद्रीय अर्थमंत्रालयाने जून २०२४ मध्ये शासकीय खरेदीच्या करारांत लवादाचे कलम सरसकट घालू नये आणि ते दहा कोटी रुपयांहून कमी रकमेच्या वादांपुरते मर्यादित ठेवावे, अशा मार्गदर्शक सूचना काढल्या. शासनाला येथे त्याचीच न्यायालये उपलब्ध आहेत; ही निवड त्याला परवडते. हॅम्बुर्गमधील खरेदीदाराकडून पैसे यावयाचे असलेल्या सांगलीच्या हळद व्यापाऱ्याला ती परवडत नाही.

बँकेच्या दृष्टीने यात आणखी एक गोष्ट आहे. निवाडा डॉलरमध्ये किंवा युरोत असतो, तो येथे वसूल होताना रुपये कोणत्या दिवसाच्या दराने मोजावयाचे? ऑगस्ट २०२४ मध्ये डीएलएफ व क्रोएशियाची कोंचार यांच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने सांगितले, की ज्या दिवशी परदेशी निवाड्यावरील आक्षेप अंतिमरीत्या निकाली निघून तो अंमलबजावणीयोग्य होतो, त्या दिवसाचा दर धरावा. मात्र मधल्या काळात न्यायालयात रक्कम भरली गेली असेल तर तेवढ्या रकमेपुरता भरण्याच्या दिवसाचा. रुपया घसरत असताना या दोन तारखांमधील फरक लाखांत जातो. आयातदार ग्राहकाविरुद्ध निवाडा झाला असेल तर रक्कम लवकर भरावी की नाही, हा सल्ला देताना आमच्या अधिकाऱ्यांनी हे लक्षात ठेवावे. तसेच वादात अडकलेल्या रकमेचे शिपिंग बिल रिझर्व्ह बँकेच्या ईडीपीएमएस प्रणालीत उघडे राहते. वाद लवादाकडे गेल्याची कागदपत्रे ग्राहकाने शाखेला वेळेत दिली तर मुदतवाढीचा विचार करणे आम्हांला सोपे जाते. ग्राहक ती देत नाहीत. वाद लपवावा असे त्यांना वाटते, कारण बँक मर्यादा कमी करील ही भीती असते. ती भीती अगदीच निराधार आहे असे मी म्हणणार नाही. परंतु वाद पुढे आमच्या लेखापरीक्षकांकडून कळला तर मर्यादा अधिक वेगाने कमी होते.

कांद्याचे आमचे ग्राहक गेल्या हंगामात नवा करार घेऊन आले. खरेदीदार नवा, देश नवा. या वेळी त्यांनी शेवटचे पान आधी उघडून माझ्यापुढे ठेवले. लवाद मुंबईस, केंद्राच्या शीघ्र नियमांनुसार, एक पंच, भाषा इंग्रजी, आणि दर्जाच्या प्रश्नावर दोघांनी आधीच ठरविलेल्या प्रयोगशाळेचा अहवाल अंतिम. "मुंबईला ते कसे तयार झाले?" असे मी विचारले. त्यांनी खरेदीदाराला पंधरा दिवसांची उधारी वाढवून दिली होती. पंधरा दिवसांचे व्याज किती पडेल ते मी तेथेच मोजून सांगितले. त्यांनी तो आकडा पाहिला, कागद माझ्याकडे परत सरकवला आणि पॅकिंग क्रेडिटचा अर्ज मागितला.